विहिरीवरची रिकामी फेरी

दुपारी जेवून जरा आडवं झालं की मला अजून मांडव दिसतात. डोळा पुरता लागलेला नसतो, खाली रस्त्यावर बसचा हॉर्न ऐकू येत असतो, तरी डोळ्यांसमोर दिव्यांची एक माळ हळूहळू लागत जाते. लग्न कुणाचं ते कळत नाही. नवरी पाठमोरी उभी असते. तिच्या केसातला गजरा मोगऱ्याचा की सायलीचा ते बघायला मी पुढे जाते, आणि तेवढ्यात हे विचारतात, "चहा ठेवतेस ना गं?" मग मांडव विझतो आणि मी स्टोव्हपाशी जाते. स्टोव्ह म्हणजे गॅसच, पण आमच्या घरात त्याला अजून स्टोव्हच म्हणतात.

मी गिरगावातली. आयुष्यभर लोकांची लग्नं उभी करून दिली. लावून दिली असं म्हणत नाही, कारण लग्न लावायला भटजी असतात, भन्तेजी असतात, फादर असतात, रजिस्ट्रारही असतो. मी त्यांच्या आधी येणारी आणि सगळे गेल्यावर खुर्च्या मोजून निघणारी. वेडिंग प्लॅनर हा शब्द आपल्याकडे आला तेव्हा माझे निम्मे केस पांढरे झाले होते. त्याआधी लोक "शोभाताईंना बोलवा" एवढंच म्हणायचे. सुरुवात रुखवत करून देण्यापासून झाली. साखरेचा बंगला करायला बोलावलेली बाई हळूहळू पंगत, फुलं, हॉल, रुसलेले मामा असं सगळंच बघायला लागली. माझ्याकडे येणारी माणसं बेताच्या पैशांची असायची. मोठी लग्नं मी घेतली नाहीत, खरं तर मला ती कुणी दिलीच नाहीत. आणि का कोण जाणे, दोन वेगळ्या जातीधर्मांच्या घरांतली लग्नं माझ्याकडे जास्त आली. बहुधा अशा जोडप्यांच्या मागे पैसे घेऊन उभं राहणारं कुणी नसतं, म्हणून असेल.

कमी खर्चाचं लग्न म्हणजे कमी लग्न नव्हे, हे मी मुलीच्या वडिलांना पहिल्याच भेटीत सांगायची. ते मान हलवायचे आणि लगेच विचारायचे, "म्हणजे आइस्क्रीम काढून टाकायचं का?" आइस्क्रीम काढायचं नसतं. काढायची असते भीती. समोरच्यांनी दोन मिठाया ठेवल्या म्हणून आपण तीन ठेवायच्या, ही ती भीती. बाकी माझ्या युक्त्या साध्या होत्या. दादरच्या फूलबाजारात पहाटे जायचं नाही, विकणाऱ्याला घरचं जेवण आठवायला लागलं की जायचं. ज्या हॉलमध्ये सकाळी एक लग्न आहे तिथेच आपलं संध्याकाळी ठेवायचं आणि सकाळच्यांना गोड बोलून त्यांची फुलं तशीच राहू द्यायला सांगायचं. त्यांनाही ती नेऊन काय करायची असतात?

पण माझी खास युक्ती म्हणजे पितृपक्ष. त्या पंधरवड्यात मुंबईतले हॉल ओस पडलेले असतात. वॉचमन आतल्या खुर्चीत घोरत असतो. गणपती नुकतेच गेलेले असतात, त्यामुळे लालबागच्या मंडपवाल्यांकडे कापड, पाट, दिवे, कमानी असं सगळं धुऊन-पुसून रिकामं पडलेलं असतं आणि माणसंही दमून पण खुशीत असतात. ज्यांना पितरांचं काही नाही अशा घरांनी हे दिवस घेतले तर राजेशाही लग्न अर्ध्या किमतीत होतं. आमच्या शेजारच्या वहिनी यावरून मला कायम बोलायच्या, "शोभा, कावळ्यांच्या दिवसांत लग्नं लावतेस, बरं नाही ते." मी म्हणायची, "वहिनी, कावळे तर किती प्रेमाने येतात. व्याही तेवढ्या प्रेमाने आलेले मी बघितले नाहीत."

एकदा कोळीवाड्यातली एक मुलगी आणि गुजराती मुलगा असं लग्न होतं. मुलीच्या आईचं म्हणणं, हळदीला गावजेवण आणि गावजेवणाला मासे, त्याशिवाय पोरगी घरातून हलणार नाही. मुलाकडच्यांना माशाचा वाससुद्धा चालणार नाही. दोन हॉल घ्यायला पैसे नव्हते. मी चार संध्याकाळी नुसती समुद्राच्या काठी जाऊन बसले. हे म्हणाले, संसाराला कंटाळलीस की काय? मी वारा बघत होते. कुठल्या वेळी कुठून येतो, कधी पडतो, कधी फिरतो. मग मुलाकडच्यांची पंगत वाऱ्याच्या वरच्या अंगाला मांडली आणि कढया खालच्या अंगाला. त्या रात्री सुरमईचा सगळा वास सरळ समुद्रात गेला. मुलाची आई मला म्हणाली, "कोळी लोकांचं लग्न आणि मासे नाहीत? किती समजूतदार माणसं." अजून डोळे मिटले की त्या संध्याकाळचा वारा गालाला लागतो.

तर असा हा धंदा. त्यात माझी एक रीत होती आणि ती मी कधी मोडली नाही. लग्नाच्या आधीच्या रविवारी मी दोन्हीकडच्या मुख्य माणसांना घेऊन त्या जागेवर एक रिकामी फेरी घ्यायची. फुलं नाहीत, बँड नाही, नवे कपडे नाहीत. नुसतं चालायचं. नवरा इथून येणार, आत्या इथे उभी राहणार, ओवाळायचं ताट या हातातून त्या हातात जाणार. लोक हसायचे, नाटकाची तालीम आहे का म्हणायचे. पण मला माहीत होतं की रुसवे जागेवर उगवतात. कोण कुठे उभं राहणार यावरून जेवढी घरं तुटली तेवढी हुंड्यावरूनही तुटली नसतील. रुसायचं ते रविवारीच रुसून घ्या, म्हणजे समजूत काढायला हातात आठवडा राहतो.

तुषार आणि रोशेल यांच्या लग्नात मात्र रिकाम्या फेरीत जे झालं ते रुसणं नव्हतं, आणि ते काय होतं हे मला जागेवर कळलं नाही.

रोशेल आमच्या विल्फीची मुलगी. विल्फी माझ्याच वयाचा, माझगावच्या गोदीतून फिटर म्हणून निवृत्त झालेला. खोताच्या वाडीच्या अलीकडे एक छोटी वाडी आहे, तिथे त्यांचं लाकडी जिन्याचं घर. वाडीचं नाव सांगत नाही, नाहीतर विहीर बघायला लोक यायचे. ही माणसं ईस्ट इंडियन, म्हणजे मुंबईतलीच मूळची ख्रिस्ती, घरात मराठी बोलणारी. मी लहानपणी त्या वाडीत खेळले, विल्फीशी मारामाऱ्या केल्या आणि त्यांच्या विहिरीच्या चौथऱ्यावर चढून पाणी प्यायले. तुषार परळचा. त्याचं घर बौद्ध. आईवडील लहानपणीच गेले, आजीने वाढवला. सुभद्राआजी हॉस्पिटलात आया होती. वय ऐंशीच्या पुढे, पाठ ताठ, आवाज वॉर्डाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जाईल असा. दोघं पोरं एकाच प्रयोगशाळेत रक्ताचे नमुने तपासायची. घरच्यांकडून काही न घेता आपल्या पगारात लग्न करायचं, एवढी त्यांची एकच अट होती.

मी अर्थातच पितृपक्ष सुचवला. आजी म्हणाली, "घ्या की. धम्म घेतल्यापासून आमाला पितरं नाय नि मुहूर्त नाय. ज्या दिवशी माणसं मोकळी, तो दिवस चांगला." मला ती त्याच क्षणी आवडली.

सही रजिस्ट्रारकडे, मग दादरच्या हॉलमध्ये दोघांनी पांढऱ्या कपड्यांत उभं राहून वंदना आणि प्रतिज्ञा घ्यायच्या, फादरांनी येऊन आशीर्वाद द्यायचा, असं ठरलं. राहिला आदल्या संध्याकाळचा प्रश्न. ईस्ट इंडियन घरांत लग्नाच्या आधी उंबराचं पाणी नावाचा विधी असतो. बायका वाजतगाजत विहिरीवर जातात, कळशी भरून आणतात आणि त्या पाण्याने नवरीला न्हाऊ घालतात. नावातलं उंबराचं झाड त्या वाडीतून केव्हाच गेलं, विहीर तेवढी राहिली. तुषारकडे हळद होती. मी म्हटलं, दोन संध्याकाळी कशाला? एकच करू. वाडीच्या अंगणात दोघांची हळद, आणि दोघांना त्याच विहिरीचं पाणी. बँड विल्फीच्या मित्रांचा, फुगे तळायला वाडीतल्या बायका. फुगे म्हणजे मैद्याचे गोडसर गोळे, तळले की टम्म होतात. लहानपणी मी ते फ्रॉकच्या खिशात भरून पळायची. सगळ्यांना बेत पसंत पडला. मला तर त्या अंगणाची स्वप्नं पडायला लागली.

रिकाम्या फेरीचा रविवार. पाऊस दुपारीच थांबला होता. भाद्रपदात ती विहीर इतकी भरते की पाणी काठापासून जेमतेम पुरुषभर खाली असतं. पाण्यावर लाकडी सज्ज्याचं प्रतिबिंब आणि सज्ज्याच्या वर ढग, सगळं उलटं. मी क्षणभर काम विसरून आत बघत राहिले. विहिरीभोवती कमरेएवढा उंच दगडी चौथरा आहे, त्याला पायऱ्या आहेत, आणि त्या दिवशी पायऱ्यांवर हिरवंगार शेवाळ होतं.

विल्फीने सगळं समजावून सांगितलं. त्याच्या घरची पद्धत अशी की पहिली कळशी घरच्या बाईने भरायची, आणि त्यातलं पहिलं पाणी व्याह्यांच्या घरातल्या सगळ्यात मोठ्या माणसाच्या हातावर घालायचं. तो मान असतो. त्याची बायको हयात नव्हती, म्हणून घरची बाई म्हणजे त्याची धाकटी बहीण फ्लोरी, ती वर चौथऱ्यावर कळशी घेऊन उभी होती. आजी पायरीकडे जायला लागली तसा विल्फी लगबगीने आडवा आला.

"आजी, तुमी नका चढू. शेवाळ आहे, गुडघे तुमचे... तुमी खालीच रहा. ओंजळ धरा, मी वरून ओततो."

तो वर चढून फ्लोरीच्या हातातली कळशी घेऊन उभा राहिला. आजी थांबली. तिने दोन्ही हात पुढे केले, ओंजळ केली, आणि मग त्या ओंजळीकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. पाणी यायचं होतं, कळशी तर रिकामीच होती. मग तिने हात सोडले, पदराला पुसले, आणि तुषारला म्हणाली, "चल."

"आजी, अजून हळदीची जागा..."

"चल म्हटलं ना."

आणि ती गेली. विल्फी वर रिकामी कळशी धरून उभा.

रात्री तुषारचा फोन आला. "ताई, आजी म्हणते तू लग्न कर, मी घरातून आशीर्वाद देते. काय झालं ते सांगत नाही. मी विचारलं तर पंखा लावून झोपली." मग म्हणाला, "ती नसेल तर मी उभा राहणार नाही, ताई. तिने मला एकटीने वाढवलंय. पुढे ढकलू." त्याच्या मागून रोशेलचा आवाज आला, "पुढे म्हणजे कधी?" आजीचं वय बघता पुढे या शब्दाचा भरवसा कुणालाच वाटत नव्हता.

विल्फी दुसऱ्या सकाळी माझ्या दारात. पायांतल्या चपलासुद्धा दोन वेगवेगळ्या जोड्यांतल्या. "शोभा, मी काय चुकलो काय गं? आमी किरिस्ताव म्हणून काय? तसं असेल तर पहिल्याच दिवशी बोलायचं ना." तो दुखावला होता, आणि दुखावलेला विल्फी लहानपणापासून मला बघवत नाही. मला वाटलं विहिरीवर लावायच्या मेणबत्तीचं कारण असेल. पूजाअर्चा त्या घरात चालत नाही. मेणबत्ती काढून टाकू, संपलं. एवढा सोपा हिशोब मनात धरून मी परळला गेले.

आजी चाळीच्या गॅलरीत तांदूळ निवडत बसली होती. मी मेणबत्तीचं बोलले. तिने ऐकून घेतलं.

"मेणबत्ती आमीपण लावतो की. त्याचं काय नाय."

"मग आजी, काय झालं? विल्फीला वाटतंय तुम्हाला त्याचा राग आला."

"त्याचा नाय." ती तांदळात बोटं फिरवत राहिली. "आमच्या गावाला विहीर होती. वर चढायचं नाय. खाली उभं ऱ्हायचं भांडं घेऊन. कुणी बाई पान्याला येईल, तिची मर्जी असंल तर वरनं ओतील. तहान लागली तर ओंजळ धरायची. अर्धं ओंजळीत, अर्धं अंगावर. घरी आलं की आय विचारायची, पडलीस काय गं पान्यात?"

खाली कुणीतरी भाजीवाल्याशी घासाघीस करत होतं.

"तो मानूस चांगला हाय," आजी म्हणाली. "माझे गुडघे बघितले त्यानं. त्याला काय ठाव? पन बाई, तो म्हनाला ओंजळ धरा, नि माझे हात झाले पुढं. मला न विचारता. इतकी वर्सं मुंबईत काढली, नळाचं पानी प्याले, हॉस्पिटलात किती मानसांना मी पानी पाजलं, नि हातांच्या ध्यानात अजून तेच. मला माझ्या हातांचा राग आला."

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. तिने ते बघितलं आणि जरा वैतागलीच.

"मी विल्फीला सांगते," मी म्हटलं.

"नाय सांगायचं. सांगितलंत तर पाया पडत येईल. मला पाया पडनारी मानसं नकोत नातवाच्या सासुरवाडीत. मी जिती हाय तवर त्याला कळता कामा नाय."

"मग मी काय करू, आजी?"

"ते तुमचं काम. लग्नं तुमी करता." आणि तिने पुन्हा तांदळात मान घातली.

घरी परतायचं सोडून मी उगाच उलट दिशेला दादरला गेले. फूलबाजारात एक फेरी मारली. निशिगंधाच्या राशी होत्या आणि घ्यायला कुणी नव्हतं, पितृपक्ष ना. त्या पांढऱ्या वासात चालताना मला ती विहीर सारखी आठवत होती. मी त्या चौथऱ्यावर किती वेळा चढले असेन. विल्फीच्या आईने कधी हटकलं नाही, मला हटकतील असं कधी मनातही आलं नाही. एकाच पाण्याकडे खालून बघणं वेगळं आणि वरून बघणं वेगळं, हे मला साठी उलटल्यावर एका तांदूळ निवडणाऱ्या बाईने सांगितलं. मी निशिगंध न घेताच घरी आले आणि रात्री यांना म्हटलं, त्या म्हाताऱ्या बाईला चौथऱ्यावर चढवायचं आहे, आणि का ते कुणाला सांगायचं नाही. हे म्हणाले, "तुझं हे नेहमीचंच आहे." पण तसं नव्हतं. माझ्या सगळ्या धंद्यात इतकं अवघड काम मला कुणी सांगितलं नव्हतं.

पहिला अडसर फ्लोरी. पहिली कळशी घरच्या बाईनेच भरायची, तिच्या आईने भरली, तिने स्वतः दोन भाच्यांच्या वेळी भरली. मी तिच्या स्वयंपाकघरात जाऊन बसले. ती कणीक मळत होती.

"फ्लोरी, रोशेल लग्नानंतर कुठल्या घरची?"

"त्यांच्या."

"मग त्या घरची बाई कोण?"

तिचे हात थांबले. तिला कळलं मी कुठे निघाले आहे. "दोन्ही घरची एकच संध्याकाळ तूच केलीस ना," ती म्हणाली, "मग आता कळशी पण एकच." पुन्हा कणीक मळायला लागली आणि म्हणाली, "म्हातारीला ओढायला जमेल काय? भरलेली कळशी जड असते." म्हणजे हो.

विल्फीला मी काहीच समजावलं नाही. फक्त म्हटलं, "पायऱ्या नीट कर. पहिली कळशी आजी भरणार आहेत."

"ती येणार कशाला? रागावून गेली ती."

"तू पायऱ्या नीट कर."

विल्फीला दुःख झालं की त्याच्या हातात काम द्यावं, हे मला शाळेपासून माहीत आहे. त्याने तारेच्या ब्रशने ते शेवाळ खरवडलं, दगड कोरडे केले. गंजलेली कप्पी उतरवून घासली, तिला ग्रीस लावलं. पायऱ्यांच्या बाजूला पाइपचा एक कठडा केला आणि हाताला थंड लागू नये म्हणून त्याला सुती कापड गुंडाळलं. पायऱ्या आजीला चढायला फार उंच होत्या, तर मी लालबागच्या मंडपवाल्याकडून गणपतीच्या मखरापुढचे बुटके लाकडी पाट आणवले, ते एकेक पायरीत बसवले. का, कशासाठी, हे विल्फीने एकदाही विचारलं नाही. मला अजून वाटतं, ते न विचारणं हाच त्याचा मोठेपणा होता. परळला मी तुषारबरोबर एवढाच निरोप धाडला, "पहिली कळशी तुम्ही भरायची आहे. चपला घसरणाऱ्या नकोत." उत्तर आलं, "बघू."

ती संध्याकाळ मी स्वप्नात इतक्या वेळा बघितली आहे की खरी कुठली आणि स्वप्नातली कुठली, आता सांगता येत नाही. अंगणावर दिव्यांच्या माळा होत्या, एवढं नक्की. आदल्या आठवड्यात त्याच माळा लालबागला गणपतीसमोर होत्या. सज्ज्याच्या कठड्याला निशिगंध गुंडाळला होता. कढईत फुगे टम्म होत होते. बँडवाले विहिरीपाशी उभे राहून हळू, सावध वाजवत होते, कारण ज्यांच्यासाठी थांबलो होतो त्या आल्या नव्हत्या. रोशेल पिवळ्या साडीत, सारखी गल्लीच्या तोंडाकडे बघत होती. तुषार तर तिथेच जाऊन उभा राहिला होता. विल्फी कप्पी उगाच फिरवून बघत होता. मी मनातल्या मनात सगळा बेत मागे घेत होते.

मग गल्लीत टॅक्सी थांबली. आधी चाळीतल्या बायका उतरल्या, मग आजी. पांढरी साडी, निळा काठ, पायात पांढरे कॅनव्हासचे बूट. आल्याआल्या तिने बँडवाल्यांना झापलं, "मयतीला आलाय काय? जोरात वाजवा." आणि बँड खरंच जोरात वाजायला लागला.

ती पायऱ्यांपाशी आली. कठड्याला हात लावला, कापड चाचपलं, विल्फीकडे एकदा बघितलं. कुणाचा हात न घेता वर चढली. वर गेल्यावर तिने कळशीला हात लावला नाही. काठावर दोन्ही हात टेकून ती विहिरीत बघत राहिली. पाण्यावर दिवे होते आणि दिव्यांच्या मध्ये तिचा चेहरा. आमच्यापैकी कुणाला घाई नव्हती. मी खालून तिला बघत होते आणि मला वाटत होतं, हे असंच राहू दे, पुढे काही होऊच नये.

मग तिने दोर सोडला. कप्पीचा आवाज आला नाही. कळशी बुडाली, भरली, आणि ती ओढू लागली. फ्लोरी मदतीला पुढे झाली, आजीने मानेनेच नको म्हटलं. कळशी काठावर आली तेव्हा तिचा श्वास फुलला होता आणि चेहरा एखाद्या मुलीचा झाला होता.

पुढचं कुणी ठरवलं नव्हतं. रिकाम्या फेरीत ते नव्हतंच. पहिली कळशी मुलाकडच्यांनी भरली, म्हणजे पहिलं पाणी मुलीकडच्या मोठ्या माणसाला, असा विल्फीने आपल्या पद्धतीप्रमाणे सरळ अर्थ लावला. तो चौथऱ्याखाली येऊन उभा राहिला, मान खाली घातली आणि ओंजळ वर धरली.

त्या अंगणात त्या ओंजळीचा अर्थ आजीला आणि मला, आम्हा दोघींनाच माहीत होता.

आजी वरून त्या हातांकडे बघत होती. फिटरचे हात, काळ्या रेघा असलेले, शेवाळ खरवडून नखं मोडलेले. तिने कळशीतून तांब्या भरला. तांब्या तिच्या हातात होता, विल्फी खाली होता, आणि तिने तो कलंडायचा एवढंच बाकी होतं.

"वर या," ती म्हणाली.

"असू दे आजी, इथेच घाला. पद्धत आहे आमची."

"पद्धत ऱ्हाऊ दे. वर या तुमी."

विल्फी गोंधळून माझ्याकडे बघायला लागला. मी मान हलवली. तो पाटांवरून चढत वर गेला आणि तिच्या समोर उभा राहिला. ओंजळ अजून तशीच होती. आजीने त्याची बोटं आपल्या हाताने सोडवली आणि त्यांत तांब्या दिला.

"धरा. नि प्या."

हे सगळं मी आज लिहिते आहे कारण सुभद्राआजी गेल्या वर्षी गेली. तिची अट ती जिवंत असेपर्यंतची होती. मी गेल्यावर लिहा हवं तर, असं तिनेच मला रोशेलच्या मुलाच्या बारशाला हसत सांगितलं होतं. विल्फी इंग्रजी शाळेत शिकलेला, मराठी वाचत नाही, पण हा अंक त्याला कुणीतरी वाचून दाखवेल. दाखवू दे. ऐकून तो विहिरीकडे जाईल आणि तिथे बराच वेळ बसेल, हे मला माहीत आहे. त्याने बसावं असं मला वाटतं. लग्न छान झालं, वंदना झाली, फादरांनी आशीर्वाद दिला, आइस्क्रीम पुरलं. पण दुपारी डोळा लागला की माझ्याकडे येते ती आदली संध्याकाळच.

विल्फी प्यायला. आपण घरात पितो तसा, तांब्याला ओठ लावून, घटाघटा. मग त्याने तांब्या परत केला. त्यात अजून पाणी होतं. फ्लोरीने हात पुढे केला, म्हणाली, "थांबा आजी, उष्टं झालं, विसळून देते."

आजी थांबली नाही. तिने तांब्या दोन्ही हातांनी धरला, तोंडाला लावला आणि तिथे विहिरीच्या काठावर उभी राहून सावकाश सगळं पाणी प्यायली. अंगावर एक थेंब सांडला नाही.